पांढरं पाडस मरत नाही

अमेरिकेतल्या डाकोटात राहणाऱ्या एका गोऱ्या माणसाला पत्र येतं. त्याला वारसाहक्काने इस्टेट मिळाली आहे, पण ती ताब्यात घ्यायला लंडन गाठावं लागणार आहे. हा माणूस, कोम्ब्स, जायच्या तयारीला लागतो. त्याची बायको मूलनिवासी आहे. तिचं नाव व्हाइट फॉन, म्हणजे पांढरं पाडस. दोघांना एक लहान मुलगी आहे. नवरा एकदा समुद्रापलीकडे गेला की परतायचा नाही, असं बायकोच्या मनाने घेतलेलं असतं. ती सुरी उचलते आणि स्वतःवर वार करून घेते.

१९१० साली अमेरिकेत तिकीट काढून बसलेल्या प्रेक्षकाला इथवरची गोष्ट पाठ होती. पुढचंही त्याला ठाऊक होतं: बाई मरणार, नवरा हळहळणार, आणि मग आपल्या देशी, आपल्या माणसांत परत जाणार.

या चित्रपटात तसं होत नाही. मुलगी बापाच्या हातात सुरी पाहते, त्यानेच आईला मारलं असं समजते आणि आईच्या जमातीकडे धाव घेते. पाठलाग होतो, कोम्ब्स पकडला जातो. सरदार निवाडा देतो की बापाला शिक्षा मुलीच्याच हातून व्हावी. मुलीच्या हातून ते होत नाही. तेवढ्यात व्हाइट फॉन स्वतः तिथे पोचते. वार झालेला असतो, पण जीव गेलेला नसतो. ती खरं काय घडलं ते सांगते. नवरा सुटतो आणि इस्टेटीचा विचार सोडून बायको-मुलीजवळ राहतो.

‘व्हाइट फॉन्स डिव्होशन’ हे या चित्रपटाचं नाव. जून १९१० मध्ये पाथे या फ्रेंच कंपनीच्या अमेरिकेतल्या शाखेने तो प्रदर्शित केला. लांबी जेमतेम अकरा मिनिटं. दिग्दर्शक जेम्स यंग डिअर. मूलनिवासी दिग्दर्शकाने केलेल्या आणि आज हाती असलेल्या सर्वांत जुन्या चित्रपटांत त्याची गणना होते. २००८ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत, म्हणजे जपून ठेवायच्या चित्रपटांच्या यादीत, त्याला जागा मिळाली.

या अकरा मिनिटांविषयी मला इतकं का वाटतं, ते आधीच सांगतो. त्या काळच्या चित्रपटांत गोरा माणूस आणि मूलनिवासी माणूस प्रेमात पडले, तर त्याची किंमत जवळजवळ नेहमीच मूलनिवासी माणूस जीव देऊन चुकवतो. आणि प्रेक्षकाला सांगितलं जातं की ही त्यांची रीतच आहे, त्यांच्यात असंच असतं. ही रीत खरोखर कुणाची, हे समजून घ्यायचं तर हा छोटा चित्रपट आणि त्यानंतर चार वर्षांनी आलेला एक मोठा चित्रपट शेजारी शेजारी ठेवून पाहावे लागतात.

आधी एका शब्दाचं बघू. मराठीत आपण ‘रेड इंडियन’ म्हणत मोठे झालो. कोलंबसाला आपण इंडीजला पोचलो असं वाटलं आणि त्यातून ‘इंडियन’ हा शब्द चिकटला, हे शाळेत शिकलो. पण त्या एका शब्दाखाली शेकडो वेगवेगळे लोक येतात: लाकोटा, हो-चंक, यूट, कायोवा, कोमांचे, नवाहो. त्यांच्या भाषा एकमेकांना कळत नाहीत, घरं वेगळी, लग्नाच्या चाली वेगळ्या. कश्मिरी पंडिताच्या घरचं लग्न आणि गडचिरोलीतल्या माडिया गोंडांचं लग्न ‘आशियाई लग्न’ म्हणून एकत्र दाखवलं तर आपल्याला कसं वाटेल, तसंच ते आहे. मूकपटांनी नेमकं हेच केलं. म्हणून इथे मी ‘मूलनिवासी’ म्हणतो आणि जिथे जमात माहीत आहे तिथे जमातीचं नाव घेतो.

दुसरी समजूतही बाजूला ठेवायला हवी. वेस्टर्न म्हणजे काउबॉय घोड्यावरून येणार आणि इंडियनांना गोळ्या घालणार, हे चित्र नंतरच्या काळाचं. १९१० च्या आसपास अमेरिकेत निघणाऱ्या चित्रपटांपैकी जवळपास पाचातला एक वेस्टर्न असे, आणि त्यांतल्या कितीतरी गोष्टींच्या मध्यभागी मूलनिवासी नायक किंवा नायिका असे. ‘इंडियन पिक्चर’ असा वेगळा प्रकारच मानला जाई. प्रेम, निष्ठा, उपकाराची फेड हे त्यांचे विषय. सहानुभूती भरपूर असे. त्या सहानुभूतीचा शेवट मात्र बहुधा मृत्यूत होई.

आता लग्नांचा खरा इतिहास. गोरे पुरुष आणि मूलनिवासी स्त्रिया यांची लग्नं चित्रपटवाल्यांनी कल्पनेतून काढली नव्हती. त्याआधी किमान दोनशे वर्षं, उत्तर अमेरिकेत केसाळ कातड्यांचा व्यापार चालला तेव्हापासून, ती होत होती. युरोपातून आलेल्या व्यापाऱ्याला रानात एकट्याने टिकता येत नसे. मूलनिवासी बायको केली की तिचे बाप, भाऊ, मामा त्याचे सोयरे होत आणि त्यांच्या मुलखात त्याला वाट मिळे. बायको भाषा शिकवी, कातडी कमावी, बर्फात चालायची पादत्राणं बनवी, सुकवलेल्या मांसाचं टिकाऊ खाणं करून ठेवी. व्यापार तिच्या हातांवर उभा असे. ही लग्नं चर्चमध्ये होत नसत. ती तिथल्या चालीने, दोन्ही घरांच्या संमतीने आणि भेटींच्या देवघेवीने होत.

मैदानी प्रदेशातल्या बऱ्याच जमातींत वराकडून वधूच्या घरी घोडे दिले जात. गोऱ्या लेखकांनी हे पाहून ‘बायको विकत घेतात’ असं लिहून ठेवलं, आणि नाटक-चित्रपटांनी तेच उचललं. आपल्याकडच्या काही समाजांत देज देतात, त्यालाही बाहेरचे लोक खरेदी म्हणतात, तसाच हा गैरसमज. घोडे देणं म्हणजे आपली ऐपत आणि मान दाखवणं, आणि त्या घराशी कायमचं देणंघेणं जोडून घेणं. वधूकडूनही उलट भेटी येत. लग्न दोन माणसांपुरतं नसे, दोन कुळांचं असे. ‘परंपरा’ हा शब्द वापरायचाच असेल तर तो इथे वापरावा. पण हे काही मूकपटात दिसत नाही.

एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी परिस्थिती पालटली. कातड्यांचा व्यापार संपत आला होता आणि आता प्रश्न जमिनीचा होता. १८८७ च्या डॉज कायद्याने जमातींच्या सामायिक जमिनीचे तुकडे करून ते एकेका माणसाच्या नावावर चढवायला सुरुवात केली. उरलेली जमीन गोऱ्यांना खुली झाली. मूलनिवासी बायको केली तर जमीनही हाती येईल, या हिशेबाने लग्नं होऊ लागली. म्हणून १८८८ मध्ये आणखी एक कायदा आला: गोऱ्या पुरुषाने मूलनिवासी स्त्रीशी लग्न केलं तरी जमातीच्या मालमत्तेवर त्याला हक्क मिळणार नाही. त्याच कायद्याची दुसरी बाजू अशी की नागरिक असलेल्या पुरुषाशी लग्न करणारी ती स्त्री मात्र अमेरिकेची नागरिक ठरेल. तिच्या सगळ्या जमातभावंडांना नागरिकत्व मिळायला १९२४ उजाडावं लागलं. याच काळात काही राज्यांत गोरे आणि मूलनिवासी यांच्या लग्नालाच बंदी होती. ॲरिझोना त्यांपैकी एक.

अशा लग्नातल्या नवऱ्याला गोऱ्या समाजात एक हेटाळणीचं नाव होतं: ‘स्क्वॉ मॅन’. ‘स्क्वॉ’ म्हणजे मूलनिवासी बाई, पण शिवीच्या सुरात. हा शब्द किती बोचरा आहे हे यावरून कळावं की २०२२ मध्ये अमेरिकी सरकारने डोंगर, ओढे, दऱ्या अशा जवळजवळ ६५० ठिकाणांच्या नावांतून तो काढून टाकला. हा निर्णय देब हालांड यांच्या कारकिर्दीत झाला. अमेरिकेच्या मंत्रिमंडळात बसलेल्या त्या पहिल्या मूलनिवासी मंत्री.

१९०५ मध्ये न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर याच नावाचं नाटक आलं. लेखक एडविन मिल्टन रॉयल. नाटक तुफान चाललं. १९१४ मध्ये सेसिल डिमिल आणि ऑस्कर ॲपफेल यांनी त्यावर चित्रपट केला. हॉलिवूडमध्ये चित्रित झालेल्या अगदी पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटांपैकी तो एक. सेल्मा आणि व्हाइन या रस्त्यांच्या कोपऱ्यावरचं एक कोठार भाड्याने घेऊन स्टुडिओ थाटला होता. ते कोठार आज संग्रहालय म्हणून जपलं आहे.

गोष्ट अशी. जेम्स विनगेट हा खानदानी इंग्रज. त्याचा चुलतभाऊ अर्ल, म्हणजे वंशपरंपरागत पदवी असलेला उमराव आहे. हा अर्ल अनाथांच्या निधीतला पैसा खातो, आणि जेम्स घराण्याच्या अब्रूखातर आळ स्वतःवर घेऊन अमेरिकेत निघून जातो. त्याचं मन त्या भावाच्या बायकोवर, डायनावर आहे. वायोमिंगमध्ये यूट सरदाराची मुलगी नॅट-उ-रिच एका गुंडाला ठार करून जेम्सचा जीव वाचवते. ती गरोदर राहिल्यावर जेम्स तिच्याशी लग्न करतो. मुलगा होतो. मग इंग्लंडहून बातमी येते की भाऊ मेला, आता अर्लपद तुझं. पाठोपाठ डायनाही येते. मुलाला शिकायला इंग्लंडला पाठवायचं ठरतं. त्या जुन्या खुनासाठी शेरीफ नॅट-उ-रिचच्या मागावर येतो. मुलगा दुरावलेला, मागे कायदा लागलेला, नवऱ्याची जुनी प्रीती दारात उभी. नॅट-उ-रिच स्वतःचा जीव घेते. सगळ्यांची अडचण दूर होते.

‘सगळ्यांची अडचण दूर होते’ यावर मी मुद्दाम थांबतो, कारण नाटकाची सगळी रचना त्यासाठीच आहे. जेम्स चांगला माणूस राहिला पाहिजे, म्हणून त्याने बायकोला टाकून चालत नाही. तो अर्ल झाला पाहिजे, म्हणून ती जिवंत राहून चालत नाही. तेव्हा तिलाच आपणहून बाजूला व्हायला लावायचं आणि त्याला त्याग म्हणायचं.

ही युक्ती यूट लोकांची नाही. ती युरोप-अमेरिकेच्या रंगभूमीची आहे. जपानी मुलगी, अमेरिकी नौदल अधिकारी, मूल, आणि शेवटी तिची आत्महत्या या ‘मॅडम बटरफ्लाय’च्या कथेचं नाटक न्यूयॉर्कमध्ये १९०० साली झालं होतं, इटलीत तिचा ऑपेरा १९०४ मध्ये. पुढच्याच वर्षी ‘द स्क्वॉ मॅन’. जपानच्या जागी वायोमिंग घातलं, किमोनोच्या जागी कातड्याचा झगा. बाई परकी, पुरुष आपला, मूल आपल्याकडे यायचं आणि बाईने मरायचं, हा सांगाडा तोच. प्रेक्षकाला वाटलं आपण यूटांची रीत पाहतो आहोत. प्रत्यक्षात तो आपल्याच नाटकघराची रीत पाहत होता.

आता पुन्हा १९१० च्या अकरा मिनिटांकडे या. वारसाहक्काचं पत्र तेच. इंग्लंडची ओढ तीच. मूलनिवासी बायको, मूल, आत्महत्या, सगळं तेच. यंग डिअरसमोर ते गाजलेलं नाटक होतं आणि त्याच्या प्रेक्षकासमोरही होतं. त्याने सगळी पात्रं तशीच मांडली आणि फक्त शेवट फिरवला. बाई वाचते. मूल आईजवळ राहतं. आणि आपला देश, आपली इस्टेट सोडतो तो गोरा नवरा. चित्रपटाच्या नावात निष्ठा पांढऱ्या पाडसाची म्हटली आहे, पण शेवटी ती नवऱ्यालाही पाळावी लागते.

हा चित्रपट निर्दोष आहे असं मी म्हणणार नाही. लहान मुलीच्या हातून बापाला मारवण्याचा निवाडा अंगावर येतो, आणि तो रंगभूमीच्या भडक नाट्यातून आलेला आहे, मैदानी जमातींच्या न्यायपद्धतीतून नाही. तिथे खुनानंतर दोन कुळांत समेट घडवण्याच्या, भेटी देऊन वैर मिटवण्याच्या रीती होत्या. चित्रीकरणही डाकोटात नाही, न्यू जर्सीत झालं. उघड्या गवताळ माळाऐवजी मागे दाट झाडी दिसते. दिग्दर्शक मूलनिवासी असला म्हणजे प्रत्येक तपशील खरा येतो असं नाही, कारण त्यालाही विकली जाणारी गोष्ट करायची होती.

पाहताना एक गोष्ट ध्यानात ठेवा. एका रिळात गोष्ट संपवायची असे, म्हणून कुणी हळूहळू विचार करताना दिसत नाही. पत्र आलं की लगेच निर्णय, निर्णय झाला की लगेच सुरी. कॅमेरा बहुतेक वेळ एका जागी उभा असतो, माणसं पूर्ण उंचीची दिसतात, आणि भावना चेहऱ्यापेक्षा हातांतून, खांद्यांतून, धावण्यातून कळते. आणि मूकपटाने नकळत एक मोठं काम केलं. रंगभूमीवर मूलनिवासी पात्र मोडकंतोडकं इंग्रजी बोले, आणि तोंड उघडताक्षणी ते इतरांपेक्षा खाली जाई. मूकपटात इंग्रज अर्लही मुका आणि यूट सरदाराची मुलगीही मुकी. दोघांना सारखाच पडदा.

नॅट-उ-रिचची भूमिका करणारी बाई हा या कथेतला सर्वांत जवळचा दुवा आहे. पडद्यावर तिचं नाव रेड विंग. खरं नाव लिलियन सेंट सिर. १८८४ मध्ये नेब्रास्कातल्या विनेबॅगो राखीव क्षेत्रात, म्हणजे सरकारने त्या जमातीला नेमून दिलेल्या मुलखात, हो-चंक लोकांत तिचा जन्म झाला. विनेबॅगो हे हो-चंकांचंच दुसरं नाव. ती जेम्स यंग डिअरची बायको. नायिकेला जगवणाऱ्या दिग्दर्शकाच्या बायकोला चार वर्षांनी मरणारी नायिका करावी लागली.

आणखी एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. लिलियन पेनसिल्व्हेनियातल्या कार्लाइल शाळेत शिकली. १८७९ मध्ये सुरू झालेली ही निवासी शाळा. मूलनिवासी मुलांना घरापासून शेकडो मैल दूर आणायचं, केस कापायचे, आपली भाषा बोलू द्यायची नाही, गोऱ्यांसारखं करून सोडायचं, असा तिचा कार्यक्रम. ‘त्याच्यातला इंडियन मारा आणि माणूस वाचवा’ हे शाळेचे संस्थापक रिचर्ड प्रॅट यांचं १८९२ चं वाक्य. चित्रपटात मुलाला आईपासून तोडून इंग्लंडला पाठवायचं ठरतं, तेव्हा १९१४ चा गोरा प्रेक्षक ‘मुलाचं भलं होईल’ असं म्हणत असणार. त्या दृश्यात आई म्हणून उभी असलेली बाई कार्लाइलमधून आलेली होती. तिला अभिनय करताना काय वाटलं ते मी सांगणार नाही, पण हे माहीत झाल्यावर ते दृश्य पूर्वीसारखं पाहता येत नाही.

यंग डिअर स्वतःची ओळख विनेबॅगो म्हणून करून देई. नंतरच्या संशोधनात पुढे आलं की त्याचं मूळ नाव जेम्स यंग जॉन्सन, जन्म वॉशिंग्टन शहरातला आणि मूळ डेलावेअरकडच्या नॅन्टिकोक लोकांत. मला यात लबाडी दिसत नाही. नॅन्टिकोकांसारख्या पूर्वेकडच्या, मिश्र वंशाच्या म्हटल्या जाणाऱ्या लोकांना सरकार मूलनिवासी मानायलाच तयार नसे. आणि मैदानातला, पिसांचा टोप घातलेला इंडियन एवढाच इंडियन प्रेक्षकाला ठाऊक होता. पुढे पाथेने लॉस एंजेलिसजवळच्या एडेन्डेलमधल्या आपल्या स्टुडिओची जबाबदारी त्याच्यावर सोपवली. १९११ मध्ये तर त्याने उलटी जोडी दाखवली, मूलनिवासी पुरुष आणि गोरी मुलगी, आणि चित्रपट-व्यवसायाच्या नियतकालिकात नापसंती उमटली. गोऱ्या पुरुषाने मूलनिवासी बायको केली तर हळहळ, पण उलट झालं तर अपमान. स्त्री कोणत्या बाजूची यावर सगळं ठरत होतं.

त्याच वर्षी काही जमातींचे प्रतिनिधी वॉशिंग्टनला गेले आणि पडद्यावर आपलं जे चित्र रंगवलं जातं त्याबद्दल त्यांनी सरकारकडे तक्रार केली. म्हणजे ‘त्या काळी कुणाला कळतच नव्हतं’ असं म्हणायची सोय नाही.

डिमिलने ‘द स्क्वॉ मॅन’ आणखी दोनदा केला, १९१८ मध्ये आणि मग बोलपट म्हणून १९३१ मध्ये. तिसऱ्या वेळी नॅट-उ-रिच झाली मेक्सिकोची अभिनेत्री लूपे वेलेझ. तिन्ही वेळा नॅट-उ-रिच मेली.

अमेरिकेतल्या पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी सुमारे ७० टक्के कायमचे नाहीसे झाले आहेत. म्हणून जे उरले त्यांतल्या आणखी एकाचा उल्लेख केल्याशिवाय राहवत नाही. १९२० मध्ये ओक्लाहोमाच्या विचिटा डोंगरांत ‘द डॉटर ऑफ डॉन’ चित्रित झाला. दिग्दर्शक नॉर्बर्ट माइल्स गोरा, पण पडद्यावर एकही गोरा माणूस नाही. सुमारे ३०० कायोवा आणि कोमांचे लोकांनी काम केलं, तेही स्वतःच्या घरचे कपडे, दागिने, घोडे, तिपी तंबू घेऊन. नायक झाला व्हाइट पार्कर, कोमांचे पुढारी क्वाना पार्करचा मुलगा. सरदाराच्या मुलीला दोन तरुण मागणी घालतात, आणि खरं प्रेम कुणाचं हे ठरवायला दोघांना कड्यावरून उडी मारायला सांगितलं जातं. ही कसोटीही नाटकीच आहे. पण कॅमेऱ्यासमोर नाच होतात, आणि नाचांवर १८८३ पासून सरकारी नियमांचा बडगा होता. ज्या रीती राखीव क्षेत्रात दडपल्या जात होत्या त्यांतल्या काही चित्रपटाच्या निमित्ताने उघड्यावर आल्या आणि फिल्मवर टिकल्या.

हा चित्रपट कित्येक दशकं हरवलेला होता. नॉर्थ कॅरोलायनातल्या एका खासगी गुप्तहेराला कामाच्या मोबदल्यात त्याची रिळं मिळाली आणि तिथून ती ओक्लाहोमा हिस्टॉरिकल सोसायटीकडे आली. कोमांचे संगीतकार डेव्हिड येगली यांनी त्याला नवं संगीत दिलं. २०१३ मध्ये राष्ट्रीय नोंदवहीत तोही आला. नीट करून तो पुन्हा दाखवला तेव्हा काम केलेल्यांची नातवंडं-पतवंडं पाहायला बसली होती, आणि पडद्यावर माणसं येतील तशी ती त्यांना ओळखत होती.